दहावं द्रव्य: अंधार असतो, की नुसता उजेड नसतो?

रात्री दिवा मालवला की खोलीत नेमकं काय घडतं? उजेड जातो, एवढंच? की उजेड जाऊन त्याच्या जागी दुसरं काहीतरी येतं?

शाळेत आपल्याला पहिलं उत्तर मिळतं, आणि ते इतकं सरळ वाटतं की पुन्हा कोणी त्या प्रश्नाकडे वळत नाही. भारतातल्या तत्त्वज्ञांना मात्र ते सरळ वाटलं नाही. न्याय-वैशेषिक, मीमांसा, वेदान्त, जैन अशा परंपरांनी या एका प्रश्नावर हजार वर्षांहून जास्त काळ वाद घातला. प्रत्येकीने अंधाराबद्दल आपलं मत ठरवलं आणि समोरच्याचं मत खोडायला कंबर कसली. भारतीय तत्त्वज्ञानात शिरायला मला ही वाट सगळ्यांत चांगली वाटते. ब्रह्म, मोक्ष, समाधी या गोष्टींचा अनुभव किती जणांना असेल कोण जाणे, पण अंधार सगळ्यांनी पाहिलेला असतो. आणि ‘पाहिलेला असतो’ इथेच पहिली ठेच लागते.

वादाची सुरुवात एका यादीपासून होते. वैशेषिक दर्शनाने, म्हणजे कणादांच्या परंपरेने, जगात जे जे आहे त्याची वर्गवारी करायचं काम अंगावर घेतलं. त्या वर्गवारीतला पहिला आणि मुख्य वर्ग म्हणजे द्रव्य. द्रव्य कशाला म्हणायचं? ज्याच्या ठायी गुण राहतात, क्रिया घडते, त्याला. घागर लाल आहे, घागर घरंगळते. लाली किंवा घरंगळणं हवेत लोंबकळत राहू शकत नाही, त्यांना कसला तरी आधार लागतो, आणि तो आधार म्हणजे घागर हे द्रव्य. अशी द्रव्यं एकूण नऊ: पृथ्वी, जल, तेज, वायू, आकाश, काल, दिशा, आत्मा आणि मन. नऊच, दहावं नाही. तेज म्हणजे अग्नी, प्रकाश आणि उष्णता यांचं द्रव्य, एवढं इथे ध्यानात ठेवलं की पुरे.

आता विरोधक उभा राहतो आणि म्हणतो, “नीलं तमश्चलति.” काळानिळा अंधार सरकतो आहे. हे आपण सगळे पाहतो. संध्याकाळी झाडाची सावली अंगणात पसरत जाते. कंदील घेऊन चाललं की अंधार पुढे पुढे पळतो आणि मागून पुन्हा गोळा होतो. म्हणजे अंधाराला रंग आहे, हा झाला गुण. अंधार हलतो, ही झाली क्रिया. तुमचीच व्याख्या लावली तर अंधार द्रव्य ठरतो. मग नवांतलं कोणतं?

इथून पुढचा भाग मला फार आवडतो. तो अन्नंभट्टांनी आपल्याच ‘तर्कसंग्रह’ या ग्रंथावर लिहिलेल्या ‘दीपिका’ टीकेत आहे. सतराव्या शतकाच्या आसपास लिहिलेला तर्कसंग्रह आजही न्यायशास्त्राचं पहिलं पुस्तक म्हणून शिकवतात. अन्नंभट्ट मूळचे आंध्रातले, काशीला जाऊन मोठे झाले. नुसतं काशीला गेल्याने कोणी अन्नंभट्ट होत नाही, अशा अर्थाची एक म्हणच संस्कृतात आहे. विरोधकाची बाजू ते इतक्या नेटाने मांडतात की क्षणभर ती त्यांचीच वाटावी.

विरोधक एकेक द्रव्य घेऊन तपासतो. आकाश, काल, दिशा, आत्मा, मन या पाचांना रंगरूपच नाही, अंधाराला आहे, म्हणून अंधार त्यांच्यात बसत नाही. वायूलाही रूप नाही. शिवाय वायूचा स्पर्श कळतो आणि तो सारखा वाहत असतो, अंधाराचं तसं नाही. तेज म्हणावं, तर तेज झळाळतं आणि उष्ण लागतं. अंधार ना झळाळत, ना चटका देत. जल म्हणावं, तर त्याचा स्पर्श थंड असतो आणि या शास्त्राप्रमाणे त्याचा रंग पांढरा. उरली पृथ्वी. पृथ्वीला गंध असतो, स्पर्श असतो. अंधाराला वासही नाही आणि हाताला तो लागतही नाही. नऊही दारं बंद झाली. तेव्हा अंधार हे दहावं द्रव्य माना.

हीच गोष्ट एका जुन्या श्लोकात बांधलेली आहे:

तमः खलु चलं नीलं परापरविभागवत् ।
प्रसिद्धद्रव्यवैधर्म्यान्नवभ्यो भेत्तुमर्हति ॥

अंधार हलतो, त्याला रंग आहे, त्यात अलीकडचा-पलीकडचा असा फरक करता येतो; आणि ओळखीच्या द्रव्यांशी त्याचं जुळत नाही, म्हणून तो नवांपेक्षा वेगळा मानणंच योग्य.

ही बाजू मुख्यतः कुमारिल भट्टांच्या परंपरेतल्या मीमांसकांची, म्हणजे भाट्टांची. केरळात लिहिल्या गेलेल्या ‘मानमेयोदय’ या ग्रंथात भाट्टांची द्रव्यं मोजली आहेत. ती अकरा भरतात: नेहमीची नऊ, वर अंधार आणि शब्द. म्हणजे कोणी गंमत म्हणून काढलेली ही शंका नव्हती. एका मोठ्या दर्शनाने अंधाराला यादीत रीतसर जागा दिली होती.

नैयायिकांचं, म्हणजे न्याय-वैशेषिक परंपरेचं, उत्तर फार जुनं आहे. वैशेषिकसूत्रांच्या पाचव्या अध्यायातच अंधाराला अभाव म्हटलं आहे (पाठांत थोडा फरक आहे, पण रोख तोच), आणि लगेच कारण दिलं आहे: दुसऱ्या वस्तूने तेज अडवलं जातं. न्यायसूत्रांवर भाष्य लिहिणाऱ्या वात्स्यायनांनी तर सावलीचं उदाहरण चुकीच्या युक्तिवादाचा नमुना म्हणून घेतलं. ‘सावली द्रव्य आहे, कारण ती चालते’ असं कोणी म्हणालं, तर ते विचारतात: सावली माणसासारखी चालते, की उजेड अडवणारी वस्तू पुढे सरकते तशी उजेड न पोचलेली जागा एकामागून एक बदलत जाते? सावली चालते हेच आधी सिद्ध व्हायचं आहे. जे सिद्ध करायचं तेच पुरावा म्हणून पुढे केलं, तर युक्तिवाद जागचा हलत नाही.

खग्रास सूर्यग्रहणात हे मोठ्या प्रमाणावर दिसतं. १६ फेब्रुवारी १९८० रोजी चंद्राची गडद सावली कर्नाटकच्या किनाऱ्यावर चढली आणि आंध्र, ओडिशाकडे निघून गेली. अशी सावली जमिनीवरून ताशी हजार किलोमीटरहून जास्त वेगाने धावते. एवढ्या वेगाने एखादी वस्तू जमिनीला खेटून गेली असती, तर वाटेतलं काही उभं राहिलं नसतं. पण सावलीचा कोणाला धक्काही बसत नाही. हलला तो चंद्र, फिरली ती पृथ्वी. जमिनीवर एकापाठोपाठ एक ठिकाणचा उजेड गेला आणि परत आला, आणि त्या क्रमाला आपण ‘सावली आली आणि गेली’ म्हणतो. आजचं भौतिकशास्त्र याच्याही पुढे जातं. पुरेशा दूरच्या पडद्यावर पडलेल्या सावलीची कड प्रकाशापेक्षा जास्त वेगाने सरकू शकते, आणि त्यात कोणताही नियम मोडत नाही. कारण तिथे इकडून तिकडे काही जातच नसतं, ना वस्तू, ना ऊर्जा, ना निरोप. वात्स्यायनांना हे कळलं असतं तर त्यांना नवल वाटलं नसतं.

हालचालीचा मुद्दा असा निकालात निघतो. रंगाचा मुद्दा जास्त चिवट आहे.

नैयायिक म्हणतात, अंधाराचा काळा रंग हा भास आहे. का? रंग असलेली कोणतीही वस्तू डोळ्याने पाहायला उजेडाची मदत लागते. घागर, कापड, झाड, सगळ्यांना हा नियम लागू आहे. अंधार मात्र उजेडाशिवायच दिसतो. किंबहुना बघायला दिवा आणला की तो नाहीसा होतो. तेव्हा अंधार रंगीत द्रव्य असू शकत नाही.

भाट्टांचा प्रतिवाद कमकुवत नाही. तो नियम तुम्ही घागरी आणि कापडं बघून बांधलात. अंधार त्या नियमाला अपवाद आहे की नाही, हाच तर प्रश्न आहे. दिवा बघायला कुठे दुसरा दिवा लागतो? मग उजेडाशिवाय दिसणारी एक वस्तू असली तर बिघडलं काय? आणि रंग आहे पण स्पर्श नाही असं द्रव्य कुठे असतं, असं विचाराल, तर स्पर्श आहे पण रंग नाही असा वायू तुम्हीच मानता. एक उलटं चालतं, दुसरं का चालू नये?

तेराव्या शतकातले वेदान्ती चित्सुख याच बाजूने बोलतात आणि त्यांचा श्लोक वादाच्या धुमश्चक्रीतही देखणा आहे:

तमालश्यामलज्ञाने निर्बाधे जाग्रति स्फुटे ।
द्रव्यान्तरं तमः कस्मादकस्मादपलप्यते ॥

तमालवृक्षासारखं सावळं काहीतरी दिसतं आहे, हे ज्ञान लख्ख जागं आहे, ते खोटं ठरवणारं काही आडवं आलेलं नाही. मग अंधार हे वेगळं द्रव्य आहे हे अचानक नाकारायचं ते का? यातलं कळीचं म्हणणं असं, की अनुभव खोटा म्हणायचा असेल तर तो खोटा ठरवणारा पुरावा दाखवायची जबाबदारी तुमची. दोरी साप वाटली, पण जवळ गेल्यावर दोरी दिसली, म्हणून साप खोटा. अंधार काळा नाही, हे कुठे जवळ जाऊन कळतं?

इथे नैयायिक दुसरं हत्यार काढतात, लाघवाचं. काटकसर म्हणा हवं तर. दोन उत्तरांनी काम भागत असेल, तर ज्यात कमी गोष्टी मानाव्या लागतात ते घ्या. अंधार द्रव्य मानलं की अंधाराचे अनंत अवयव मानावे लागतात, दर वेळी दिवा विझला की ते कसे जुळून येतात आणि पेटला की कसे विस्कटतात, ते सांगावं लागतं. उजेडाचा अभाव तर तुम्हालाही मानावाच लागतो, कारण उजेड गेला हे तुम्हीही म्हणता. मग तेवढ्यावर भागत असताना हा पसारा कशाला?

यावर येणारा उलट प्रश्न या वादातला सर्वांत तीक्ष्ण प्रश्न आहे. काटकसरच करायची तर उलटीकडून करा! अंधार खरा माना आणि उजेड म्हणजे अंधाराचा अभाव म्हणा. दोन्हींपैकी एकच ठेवायचं आहे, तर नेमका उजेडच का ठेवायचा?

नैयायिक एका वाक्यात उत्तर देतात: उजेड ऊन लागतो. तेजाला उष्ण स्पर्श आहे, आणि नसलेपणाला स्पर्श असू शकत नाही. म्हणून दोघांपैकी ‘असणारा’ तो उजेड. आजच्या भाषेत बोलायचं तर प्रकाश ऊर्जा वाहून नेतो, दाब देतो, कातडी भाजतो, पानात साखर तयार करतो. अंधार यातलं काही करत नाही. मला विचाराल तर या वादातला सर्वांत भक्कम मुद्दा हाच आहे. अंधार आणि उजेड डोळ्यांना जोडीचे वाटतात, एकमेकांचे उलट, सारख्याच तोलाचे. कित्येक धर्मकथांत त्यांची लढाई बरोबरीची असते. नैयायिकाने डोळा बाजूला ठेवून त्वचेला विचारलं, आणि तो तोल मोडला.

तरीही नैयायिकाला हे उत्तर स्वस्तात पडत नाही. अंधार म्हणजे अभाव असं म्हणायचं, आणि अंधार डोळ्यांना दिसतो हेही मानायचं, तर ‘नसणं डोळ्यांना दिसतं’ असं म्हणावं लागतं. ते हेही कबूल करतात. जमिनीवर घागर नाही हे आपण पाहून सांगतो, तर्काने नव्हे. म्हणून न्याय-वैशेषिकांनी पुढे पदार्थांच्या, म्हणजे द्रव्य ज्यात पहिलं आहे त्या मुख्य वर्गांच्या, यादीत सातवा वर्ग घातला, अभाव. त्याचे चार प्रकार केले: वस्तू तयार होण्याआधीचा, नष्ट झाल्यानंतरचा, कायमचा, आणि ‘हे ते नव्हे’ असा एकमेकांतला. जगात वस्तू आहेत तसे त्यांचे अभावही आहेत, आणि तेही जाणता येतात. अंधार यादीतून काढायला त्यांनी यादीतच एक वर्ग वाढवला, असं कोणी म्हणेल. पण अभाव त्यांना इतर शंभर ठिकाणी लागतच होता.

भाट्टही अभाव मानतात. फक्त तो डोळ्याने न कळता ‘अनुपलब्धी’ नावाच्या वेगळ्या प्रमाणाने, म्हणजे ज्ञानाच्या वेगळ्या साधनाने, कळतो, असं त्यांचं म्हणणं. तरीही अंधाराला ते अभाव म्हणत नाहीत. मीमांसेतलाच दुसरा गट, प्रभाकरांचा, अभाव नावाचं वेगळं काही मानतच नाही: घागर नसलेली जमीन म्हणजे नुसती जमीन. त्यामुळे त्यांना अंधारासाठी तिसरी वाट शोधावी लागली. ते म्हणतात, अंधार म्हणजे उजेडाचं ज्ञान न होणं. बाहेर काही नाही. तुम्हाला उजेड कळत नाही, एवढंच. मला हे मत सगळ्यांत दुबळं वाटतं. भर दुपारी डोळे मिटले तर खोलीत अंधार झाला असं कोणी म्हणत नाही.

आता मूळ व्याख्येकडे. अन्नंभट्ट ‘उजेडाचा अभाव म्हणजे अंधार’ असं मोघम बोलत नाहीत. ते लिहितात, “प्रौढप्रकाशकतेजःसामान्याभावः तमः.” शब्द लांबलचक आहे, पण त्यातला प्रत्येक तुकडा एकेक भोक बुजवायला घातला आहे.

‘सामान्याभाव’ घ्या. या खोलीत माझ्या शेजाऱ्याचा कंदील नाही, म्हणून काही अंधार होत नाही. सूर्य नसला तरी दिवा चालतो. तेव्हा एखाद्या विशिष्ट उजेडाचा अभाव पुरत नाही, त्या जातीच्या एकूण एक उजेडाचा अभाव हवा. पुढे ‘प्रकाशक’. न्यायमतात सोनं हे तेज आहे, पृथ्वी नव्हे. कितीही तापवलं तरी त्याचा पातळपणा नाहीसा होत नाही, वगैरे कारणं ते देतात. आज ते कोणी मानणार नाही, पण त्यांनी ते मानलं आणि मग प्रामाणिकपणे अडचणीला सामोरे गेले: सोन्याची बांगडी ठेवलेल्या अंधाऱ्या कोठडीत तेज आहे की! मग तिथे अंधार कसा? म्हणून ‘प्रकाशक’, म्हणजे इतर वस्तू दाखवणारं तेज. आणि ‘प्रौढ’ म्हणजे पुरेसं मोठं, ठळक. तेजाचे सूक्ष्म कण तर त्यांच्या मते सगळीकडे असतातच. ते असूनही अंधार असू शकतो.

सोनं आणि कण बाजूला ठेवले तरी हे तीन शब्द आजही कामाचे आहेत, हे पाहून मी चकित होतो. निखळ ‘प्रकाशाचा अभाव’ विश्वात सापडत नाही. बंद, काळ्याकुट्ट खोलीच्या भिंतीही त्यांच्या तापमानामुळे अवरक्त किरण बाहेर टाकत असतात, आणि अवरक्त किरण म्हणजे प्रकाशच, फक्त आपल्या डोळ्यांना न दिसणारा. आकाशगंगांच्या मधल्या रित्या जागेतही विश्वाच्या आरंभकाळातून उरलेला सूक्ष्मलहरी प्रकाश भरलेला आहे. १९६५ साली पेन्झियस आणि विल्सन यांनी त्याचा शोध जाहीर केला. त्याचं तापमान सुमारे २.७ केल्व्हिन, आणि एका घन सेंटिमीटरमध्ये त्याचे चारशेच्या वर फोटॉन असतात. म्हणजे ‘प्रकाश नसणं म्हणजे अंधार’ ही शाळेतली व्याख्या शब्दशः घेतली तर अंधार कुठेच नाही. ‘वस्तू दाखवू शकेल इतपत ठळक प्रकाश नसणं’ असं म्हटलं तरच व्याख्या टिकते. अन्नंभट्टांना अवरक्त किरणांची कल्पना असणं शक्य नव्हतं. पण तेज असूनही अंधार असू शकतो, ही अडचण त्यांनी ओळखली आणि तिच्यासाठी व्याख्येत जागा केली.

जैनांची वाट या सगळ्यांहून वेगळी आहे, पण तिच्यावर फार रेंगाळायला नको. उमास्वातींच्या तत्त्वार्थसूत्रात पाचव्या अध्यायात शब्द, सावली, ऊन, उजेड यांच्या रांगेतच अंधार बसवला आहे. सगळ्या पुद्गलाच्या, म्हणजे जडद्रव्याच्या, अवस्था. तेच द्रव्य कधी उजेड म्हणून परिणत होतं, कधी अंधार म्हणून. इथे दहाव्या द्रव्याची गरजच उरत नाही.

वेदान्त्यांना मात्र अंधाराची गरज होती, आणि ती अंधारापोटी नव्हती. अद्वैत वेदान्तात जग दिसतं ते अविद्येमुळे. ही अविद्या म्हणजे ज्ञान नसणं, एवढंच का? तसं असेल तर प्रश्न येतो: नुसत्या नसण्याने एवढं मोठं जग कसं दाखवलं? नसलेपण काही झाकू शकत नाही, काही उभं करू शकत नाही. म्हणून अद्वैत्यांनी अविद्येला भावरूप म्हटलं: ती काहीतरी आहे, ज्ञानाने हटणारं, पण हटेपर्यंत असणारं. प्रकाशात्म्यांच्या ‘विवरण’ या ग्रंथात त्यासाठी एक प्रसिद्ध अनुमान आहे आणि त्यातला दृष्टान्त आहे अंधारात नुकत्याच लागलेल्या दिव्याच्या प्रभेचा. दिवा लागतो तेव्हा तो आधी तिथे असलेलं काहीतरी हटवतो, तसंच ज्ञान अविद्येला हटवतं. आता अंधार हा नुसता अभाव आहे असं नैयायिकाने सिद्ध केलं, तर हा दृष्टान्त कोसळतो. चित्सुख अंधारासाठी इतके हिरीरीने का भांडतात, ते इथे कळतं.

त्याच वेदान्तात उलट्या टोकाचा एक श्लोकही आहे: जो अज्ञानाला प्रमाणाने जाणू पाहतो, तो झगझगीत दिवा घेऊन अंधार बघायला निघाला आहे.

मराठीत हा धागा ज्ञानदेवांनी उचलला, आणि तो कुठल्याच पक्षाच्या हाती दिला नाही. ‘अमृतानुभवा’चं सातवं आणि सर्वांत मोठं प्रकरण आहे ‘अज्ञानखंडन’. अज्ञान नावाचं काही आहे असं म्हणणाऱ्याला तिथे ते पुन्हा पुन्हा अडवतात. अज्ञान राहतं कुठे? ते आहे हे कोणी जाणलं? ज्ञानाने जाणलं म्हणावं, तर ज्ञानापुढे ते उरत नाही. अज्ञानानेच जाणलं म्हणावं, तर जाणणारं ते अज्ञान कसलं? ओवीच्या लयीत चाललेला हा कडक तर्क वाचताना मागे कित्येक शतकांची अंधार-उजेडाची वादावादी आहे हे ठाऊक असलं, की त्या ओव्यांना वेगळीच धार येते. पसायदान पाठ असणाऱ्या आपल्यासारख्यांपैकी अगदी थोडे जण या प्रकरणापर्यंत पोचतात, याची मला हळहळ वाटते.

रंगाचा मुद्दा मी मघाशी चिवट म्हणालो होतो. त्यावर चौथं उत्तर आहे ते श्रीधरांचं. हे बंगालातल्या राढ भागातले वैशेषिक. त्यांची ‘न्यायकंदली’ शके ९१३ ची, म्हणजे इसवी सन ९९१ ची. स्वतः वैशेषिक असून त्यांनी आपल्या घरचं उत्तर स्वीकारलं नाही. अभाव कळायला कशाचा अभाव ते आठवावं लागतं आणि कुठे अभाव ते ठिकाण कळावं लागतं. अंधारात ठिकाणच दिसत नाही. आणि मध्यरात्री डोळे उघडणाऱ्याला आधी उजेड आठवून मग ‘तो नाही’ असं वाटत नाही. त्याला थेट काळं काहीतरी दिसतं. म्हणून श्रीधर म्हणतात, अंधार म्हणजे आरोपित नील रूप. तो द्रव्य नाही आणि अभावही नाही. उजेड नसताना तिथे लादला गेलेला काळा रंग आहे.

बाकीच्या नैयायिकांनी ठिकाणाच्या अडचणीवर तोडगा काढला. शब्द आकाशात राहतो असं ते मानतात, आणि आकाश कोणत्याच इंद्रियाला कळत नाही; तरी आवाज थांबला हे कानाला कळतं. म्हणजे ठिकाण न कळताही अभाव कळू शकतो. ‘शांतता ऐकू येते’ हा मुद्दा आता प्रयोगशाळेतही आला आहे. २०२३ मध्ये जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठातल्या संशोधकांनी दाखवलं, की आवाजाच्या बाबतीत होणारे लांबी-कालावधीचे भ्रम शांततेच्या तुकड्यांच्या बाबतीतही तसेच होतात. मेंदू शांततेची नोंद घेतो.

अंधाराच्या बाबतीत तर डोळ्याची रचनाच साक्ष देते. आपल्या दृष्टिपटलातल्या प्रकाशग्राही पेशी अंधारात गप्प नसतात. उलट अंधारातच त्या जास्त रसायन सोडत असतात, आणि प्रकाश पडला की ते कमी होतं. १९३८ साली शरीरक्रियाशास्त्रज्ञ हार्टलाइन यांनी बेडकाच्या दृष्टिचेतेतले, म्हणजे डोळ्याकडून मेंदूकडे जाणाऱ्या नसेतले, एकेक तंतू तपासले, तेव्हा त्यांना असेही तंतू सापडले जे उजेड बंद झाल्यावर संदेश पाठवतात. पुढे १९६७ मध्ये त्यांना नोबेल मिळालं. म्हणजे उजेड जाणं ही डोळ्याच्या लेखी एक घटना आहे, तिची बातमी आत जाते. प्रभाकरांचं ‘ज्ञान न होणं’ इथे टिकत नाही. अंधारात ज्ञान होतं, आणि ते अंधाराचंच.

आणि तो काळा रंग? पूर्ण अंधारात बराच वेळ बसलं की दिसतो तो धूसर करडा रंग, कोळशासारखा काळा नव्हे. दृष्टिव्यवस्थेच्या स्वतःच्या चालू हालचालीतून तो येतो. भर उन्हातला कोळसा त्याहून काळा दिसतो, कारण गडद काळा दिसायला शेजारी उजेड लागतो. अंधाराचा जो रंग दिसतो, तो खोलीत नसतो, पाहणाराच तो तिथे ठेवतो. श्रीधरांचा ‘आरोपित’ हा शब्द मला इथे अगदी चपखल वाटतो. बाहेर काय आहे असं विचाराल तर मी अन्नंभट्टांच्या बाजूने आहे. दिसतं काय, असं विचाराल तर श्रीधरांच्या. चित्सुखांनी मागितलेला पुरावा, म्हणजे अंधार काळा नाही हे जवळ जाऊन दाखवा, तो शेवटी डोळ्याच्या आत सापडला.

मूळ वाचायची इच्छा असेल तर दीपिकेतला हा उतारा जेमतेम पानभर आहे. यशवंत वासुदेव आठल्ये यांनी संपादित केलेली आणि महादेव राजाराम बोडस यांची प्रस्तावना असलेली तर्कसंग्रहाची आवृत्ती १८९७ साली मुंबई संस्कृत मालेत निघाली. तिच्यात मुळासोबत दीपिका आहे. अडलेल्या पारिभाषिक शब्दासाठी भीमाचार्य झळकीकरांचा ‘न्यायकोश’ उघडावा. संस्कृत बेताचं असलं तरी ‘नीलं तमश्चलति’ पासून सुरुवात करा. विरोधक एकेक द्रव्य कसं नाकारत जातो, ते कळायला व्याकरण फार लागत नाही.